बाबांचे लेमूर

आई गेली त्याच्या पुढच्या मार्चमध्ये बाबा आमच्याकडे मेनूथला आले. व्हिसा तीन महिन्यांचा होता. अमरावतीच्या घरात ते एकटे कसे राहतील, या काळजीने मीच हट्ट धरून त्यांना बोलावलं होतं. इथे आल्यावर ते दिवसभर कोणाबरोबर असतील, हे मात्र मलाही नीट सांगता आलं नसतं.

माझा नवरा ट्रलीच्या हॉस्पिटलमध्ये डॉक्टर आहे. ट्रली म्हणजे देशाचं दुसरं टोक. तो तिथेच एक खोली घेऊन राहतो आणि दोघांच्या सुट्ट्या जुळल्या की घरी येतो. त्या फारशा जुळत नाहीत. मी लिक्सलिपच्या चिपच्या कारखान्यात इंजिनिअर. शिफ्ट बारा तासांची, आणि त्यातला बराचसा वेळ क्लीनरूममध्ये. डोक्यापासून पायापर्यंत पांढरा सूट, तोंडावर मास्क, फक्त डोळे उघडे. ज्यांच्या शेजारी उभं राहून मी रोज काम करते, त्यांच्यातले काही जण कॅन्टीनमध्ये समोर आले तरी मला ओळखू येत नाहीत.

बाबा पहाटे उठायचे. मी निघून गेले की ते कॅनॉलच्या काठाने चालायला जायचे. एका संध्याकाळी मी घरी आले तर म्हणाले, "इथले लोक चांगले हायत. सगळे विचारतात, हाउ आर यू. पण मी सांगायले लागलो की ते पुढं निघून गेलेले राहतात."

"बाबा, ते उत्तरासाठी विचारत नाहीत. नुसतं ग्रँड म्हणायचं, म्हणजे मजेत."

"काऊन? मी ग्रँड नाही तर?"

मी कुकर लावला. डाळीचा डबा सापडेना, म्हणून त्यांनी स्वयंपाकघरातलं एकेक कपाट उघडून पाहिलं. या कपाटांना इथे प्रेस म्हणतात. माझ्या तोंडातही तोच शब्द बसलाय. "वरच्या प्रेसमध्ये बघा," मी म्हणाले, तर ते इस्त्री कुठे दिसते का म्हणून शोधत राहिले. पूर्वी अशा गोष्टीवर आई आणि ते अर्धा तास हसले असते.

बाबा आयुष्यभर अमरावतीच्या एका कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवत होते. आई त्यांना माकडांचा मास्तर म्हणायची, कारण प्रायमेट, म्हणजे माकड-माणसांचा गट, त्यांचा आवडता. एप्रिलच्या सुरुवातीला ते गावातल्या लायब्ररीतून एक पत्रक घेऊन आले. जवळच्या एका छोट्या प्राणी उद्यानाची ती जाहिरात होती. बस आमच्या गावातूनच जायची. पत्रकावर लेमूरचा फोटो होता: पांढरं तोंड, नारिंगी डोळे, काळ्या-पांढऱ्या पट्ट्यांची शेपूट.

"हा इथं हाय?" त्यांनी विचारलं.

"असेल. मी कधी गेले नाही."

"मी याच्यावर सारी हयात लेक्चर देल्लं, पोरी. फळ्यावर याचं चित्र काढलं. लॅबमध्ये आपल्याकडं एक भुसा भरलेला लोरिस होता, तोच पोरायले दाखवायचो आन सांगायचो, लेमूर याचा दूरचा भाऊ समजा. खरा कधी पाह्यला नाही." मग पत्रक माझ्यापुढे धरून म्हणाले, "मले दाखवशील काय?"

ते आल्यापासून त्यांनी माझ्याकडे मागितलेली ही पहिली गोष्ट होती.

माझ्या पुढच्या सुट्टीला आम्ही गेलो. पाऊस पडत होता, म्हणजे नेहमीचा, धड भिजवत नाही आणि कोरडंही राहू देत नाही असा. लेमूरच्या भागात तळ्याने वेढलेला एक उंचवटा, त्यावर झाडं आणि एक लाकडी घर. बाहेर कोणी नव्हतं. कुंपणाशी आम्ही दोघं छत्री धरून उभे राहिलो. मला थंडी वाजत होती आणि मनातून वाटत होतं की निघावं. तेवढ्यात ऊन पडलं. लाकडी घराच्या झडपेतून एक लेमूर बाहेर आला, मग दुसरा, मग सगळा घोळका. त्यांनी गवतावर बैठक मारली, पाठ ताठ केली, दोन्ही हात गुडघ्यांवर उघडे टाकले आणि पांढरी पोटं सूर्याकडे करून डोळे मिटले.

बाबांनी छत्री माझ्या हातात दिली. मी त्यांच्या चेहऱ्याकडे बघायचं टाळलं.

"शेपूट मी चुकीची काढत होतो," शेवटी ते म्हणाले. "खाली लोंबणारी काढायचो. पाह्य ना, हे चालताना कशी उभी धरतात. झेंड्यासारखी."

तिथल्या प्राण्यांची देखभाल करणारी एक रखवालदार बाई बादली घेऊन आली. चाळिशीची, हिरवे गमबूट, गालांवर वाऱ्याने आलेला लालपणा. बाबांनी तिला थेट विचारलं, यांच्यात माद्यांचंच राज्य असतं ना? ती हसली. म्हणाली, पूर्णपणे, नर बिचारे मागाहून खातात. मग तिने एक मादी दाखवली, जी घोळक्यात नव्हती. तळ्याच्या कडेला एका दगडावर एकटीच ऊन खात बसली होती. तिची शेपूट विरळ झालेली, एक कान फाटलेला. ती एके काळी कळपाची मुख्य होती, बाई म्हणाली. आता तिच्याच मुली तिला जवळ बसू देत नाहीत. त्यांनी फार त्रास दिला तर आम्ही रात्री तिला वेगळं ठेवतो.

"मुली?" बाबांनी विचारलं.

"मुली," ती म्हणाली. "पण तिचं ठीक आहे. ती ग्रँड आहे."

कुंपणाजवळ एक मोठा फलक होता. त्यावर मादागास्करचा नकाशा आणि लेमूरच्या जातींची चित्रं, ओळीच्या ओळी. शंभराहून जास्त. काही उंदराएवढे, काही लोकरीच्या गोळ्यासारखे, एक पांढराशुभ्र, काळ्या तोंडाचा, एक वटवाघळासारख्या कानांचा. बाबा चष्मा पुसून एकेक चित्र वाचू लागले. त्यांच्या काळच्या पुस्तकात लेमूरला एक पान होतं. यातल्या कितीतरी जाती त्यांनी शिकवायला सुरुवात केल्यानंतर शास्त्रज्ञांना सापडल्या होत्या, आणि जवळजवळ प्रत्येकीच्या शेजारी लाल ठिपका होता. लाल ठिपका म्हणजे संपण्याच्या वाटेवर.

"आत्ता कुठं नाव ठेवलं," बाबा म्हणाले, "आन लगेच हे."

त्यानंतर ते एकटेच जायला लागले. मी कामावर गेले की बस पकडायची, दुपारपर्यंत कुंपणाशी बसायचं, परत यायचं. ड्रायव्हर त्यांना ओळखायला लागला. रखवालदार बाई त्यांना प्रोफेसर म्हणू लागली आणि तिच्या चहाच्या सुट्टीत दोघं बाकावर बसू लागले. तिचं इंग्रजी बाबांना अर्धं कळायचं आणि बाबांचं तिला. तरी ती रोज काहीतरी विचारायची आणि उत्तर पूर्ण होईपर्यंत थांबायची. हे बाबांनी मला मुद्दाम सांगितलं.

मी शिफ्टवरून आले की ते जेवणाच्या टेबलावर मला शिकवायचे. एकदा त्यांनी माझ्या तळहातावर लिंबू ठेवलं.

"जड लागते?"

"नाही."

"सर्वात लहान लेमूर याच्याहून हलका. एवढासा जीव, डोळे मात्र हे मोठे. रात्री निघते, किडे खाते." मग त्यांनी मला आमच्या शेजारणीच्या बाळाची आठवण करून दिली, जे नुकतंच चालायला लागलं होतं. "सर्वात मोठा, इंद्री म्हणतात त्याले, त्या लेकराएवढा. शेपूट नसल्यासारखीच. आन याच्याहून मोठे होते. गोरिल्ल्याएवढे. माणूस त्या बेटावर गेला आन ते संपले. हाडं सापडतात फक्त."

मग आय-आय नावाच्या लेमूरची गोष्ट. त्याचं एक बोट काडीसारखं लांब असतं, त्याने तो लाकूड ठोकतो आणि आतली अळी ऐकून बाहेर काढतो. गावात दिसला की लोक अपशकुन समजून मारतात. "आपल्याकडं घुबडाचं करतात ना, तेच," बाबा म्हणाले.

इंद्रीबद्दल ते पुन्हा बोलले ते काही दिवसांनी. मी भांडी घासत होते आणि ते पुसत होते. म्हणाले, इंद्री जोडीने राहतात आणि सकाळी गातात. नर-मादी मिळून, लांबच लांब सूर, जंगलभर ऐकू जाईल असा. शेजारच्या जोड्या त्याला उत्तर देतात.

"आणि जोडीतलं एक गेलं तर?" मी विचारलं. तोंडातून निघून गेल्यावर मला कळलं मी काय विचारलं ते.

बाबा तीच ताटली पुसत राहिले. "पुस्तकात तेवढं नव्हतं," ते म्हणाले. "मी त्या बाईलेही इचारलं. तिलेही माहीत नाही. इंद्री कोण्या झूमध्ये जगतच नाही. आणले तसे मेले." ताटली त्यांनी रॅकवर ठेवली. "गात असन. सवय असते."

आई गेल्यापासून आमच्यात तिच्याबद्दल झालेलं हे पहिलं बोलणं. तिचं नावही त्यात आलं नाही.

मेमध्ये त्या उद्यानात लेमूर वाचवण्यासाठी एक दिवस पाळायचा होता. बाईने बाबांना विचारलं, अर्धा तास बोलाल का? लहान मुलं असतील, त्यांच्या आया असतील, सोपं काहीतरी. बाबा आठवडाभर तयारी करत होते. लिंबू घेतलं. कणकेची पिशवी घेतली, मधल्या आकाराच्या लेमूरसाठी. जुन्या चादरीवर मार्करने गोरिल्ल्याएवढ्या लेमूरची आकृती काढली, उभ्या माणसापेक्षा रुंद. इंग्रजीतलं भाषण ते आरशासमोर म्हणायचे आणि मध्येच थांबून मला विचारायचे, "व्हल्नरेबल नीट म्हटलं काय?" नवऱ्याने यायचं कबूल केलं होतं. आदल्या दिवशी त्याचा फोन आला, कोणीतरी आजारी पडलंय, ड्युटी बदलली. "त्यांना सॉरी सांग," तो म्हणाला. त्याचा आवाज इतका थकलेला होता की मला रागावताही आलं नाही.

शनिवारी वादळी वारा सुटला. लेमूरच्या कुंपणाजवळ पत्र्याचं छत असलेला एक मांडव होता, तिथे बाकं मांडली होती. बाबांनी कोट घातला होता, माझ्या लग्नातला. ऐकायला रखवालदार बाई, बाबागाडी घेऊन आलेलं एक जोडपं, एक म्हातारे गृहस्थ आणि मी. बाबा खाकरले आणि सुरू झाले. लिंबू वर धरलं. वाऱ्याने चादर त्यांच्या अंगावर उडाली, ती मी जाऊन धरली. बाळ रडायला लागलं. जोडप्याने हाताने माफी मागितली आणि कॅफेकडे गेलं. म्हातारे गृहस्थ थोडा वेळ थांबले, मग घड्याळ बघून उठले आणि बाबांचा हात हातात घेऊन "वेल डन" म्हणून गेले, भाषण अर्धंही झालं नसताना. मग बाईचा वॉकीटॉकी वाजला. वाऱ्याने कुठलंतरी कुंपण वाकलं होतं. तिचा चेहरा उतरला. "प्रोफेसर, मला जावंच लागेल. मला खरंच वाईट वाटतंय." आणि ती पळाली.

मांडवात आम्ही दोघंच उरलो. पत्रा थडथडत होता.

"बाबा, थांबूया का आता?"

"वर्ग सुरू हाय," बाबा म्हणाले. "बस."

मी चादर घडी करून मांडीवर घेतली आणि पहिल्या बाकावर बसले. त्यांनी मराठीत सुरुवात केली, पण घरच्या मराठीत नाही. वऱ्हाडीचा मागमूस नव्हता. शब्द सावकाश, प्रत्येक वाक्य पूर्ण. आई सांगायची, वर्गात हा माणूस वेगळाच बोलतो. मी त्यांच्या कॉलेजात कधी शिकले नाही, बारावीनंतर पुण्यालाच गेले. त्यामुळे तो आवाज मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकला.

ते म्हणाले, मादागास्कर मुख्य भूमीपासून फार फार पूर्वी तुटलं. लेमूरचे पूर्वज बहुधा वाहत आलेल्या झाडांच्या ओंडक्यांवरून तिथे पोचले. माकडं तिथे नव्हती. मोकळी जागा मिळाली, म्हणून एकाच्या शंभर जाती झाल्या. कोणी बांबू खाऊन राहिला, कोणी फुलांतला मध, कोणी काटेरी जंगलात, कोणी ओल्या. आता ते जंगलच तुकड्यातुकड्यांत उरलं आहे. शेतीसाठी जाळतात, कोळशासाठी तोडतात. जाळणाऱ्याला दोष देण्याआधी त्याच्या चुलीवर काय शिजतं ते विचारायचं. आपल्या मेळघाटात कोणी लाकूडफाटा गोळा केला तर आपण विचारतो का?

"जंगलाच्या दोन तुकड्यांत शेत आलं," ते म्हणाले, "की लेमूर ते ओलांडत नाही. झाडावरचा प्राणी, उघड्यावर उतरायला भितो. पलीकडे त्याच्याच जातीचे असतात. तो हाक देतो. ऐकू गेली तर गेली. काही पिढ्यांनी त्या तुकड्यातले संपतात. कोणी मारलेलं नसतं." मग त्यांनी सांगितलं की तिथली माणसं आता दोन तुकड्यांच्या मधल्या पट्ट्यात रोपं लावतात. झाडं मोठी व्हायला वर्षं लागतात. पण ती लावतात.

कणकेची पिशवी टेबलावर तशीच राहिली होती. पलीकडे लेमूर एकमेकांना बिलगून, शेपट्या गळ्याभोवती घेऊन वाऱ्याकडे पाठ करून बसले होते. त्या गोळ्यात कोणाचं डोकं कुठलं ते कळत नव्हतं. म्हातारी मादी भिंतीच्या आडोशाला एकटी होती.

"कोणाला काही प्रश्न?" बाबांनी विचारलं. रिकाम्या बाकांवरूनही त्यांनी नजर फिरवली, सवयीने.

मी हात वर केला. "बाबा, तुम्ही इथेच राहाल का? व्हिसाचं बघता येईल काहीतरी."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. त्यांचे ओठ जरा हलले. मग मास्तरच्याच आवाजात म्हणाले, "विषयाला धरून विचारावं."

आणि आम्ही दोघं हसलो, आणि हसता हसता मला रडू आलं. त्यांनी कोटाच्या खिशातून रुमाल काढून दिला.

बसमध्ये ते म्हणाले, "मी तुले चल म्हटलं असतं तं तू आली असती का?"

"कुठे?"

"अमरावतीले."

खिडकीबाहेर शेतं होती, हिरवीगार, एकाही झाडाशिवाय.

जूनमध्ये ते परत गेले. विमानतळावर त्यांनी रखवालदार बाईसाठी एक पाकीट दिलं. त्यात त्यांनी पेनने काढलेलं लेमूरचं चित्र होतं. ते मी तिला नेऊन दिलं, तेव्हा तिने विचारलं, "प्रोफेसर परत कधी येणार?" मी म्हणाले, पुढच्या वर्षी. मला वाटत होतं ते खरं होईल.

उन्हाळाभर मी सुट्टीच्या दिवशी तिकडे जात राहिले. घरात बसण्यापेक्षा बरं. ऑगस्टच्या शेवटी एकदा गेले तर दगडावर कोणी नव्हतं. बाईच्या चेहऱ्यावरूनच कळलं. म्हातारी सकाळी तिच्या वेगळ्या खोलीत मरून पडलेली सापडली होती. आजारी नव्हती, वय झालं होतं. बाई म्हणाली, "आदल्या संध्याकाळी तिची सगळ्यांत धाकटी मुलगी जाळीच्या पलीकडून तिला साफ करत होती. का कोण जाणे." तिने डोळे पुसले आणि लगेच बादली उचलली.

मी बाबांना तसंच सांगितलं. "जाळीच्या पलीकडून," ते म्हणाले. मग विचारलं, "कोणती? ती तुटक्या नखाची?" मला माहीत नव्हतं.

त्याच फोनवर त्यांनी सांगितलं की ते मेळघाटात जाऊ लागले आहेत. त्यांचा एक जुना विद्यार्थी तिथे जंगल खात्यात आहे. रानपिंगळा नावाचं एक छोटं घुबड आहे, दिवसा दिसणारं, जगात फार थोड्या ठिकाणी उरलेलं. मेळघाटात आहे. "घरापासून दोन-तीन तासांवर, आन मी म्हातारा झालो तरी कधी पाह्यलं नाही," ते म्हणाले. त्यांच्या आवाजात काहीतरी हललं होतं. ते आता गावांतल्या शाळांमध्ये जाऊन मुलांना सांगतात की हे घुबड मारायचं नाही, हे तुमचं आहे, आणखी कोणाकडे नाही. मुलं प्रश्न विचारतात. विषयाला सोडूनही विचारतात, ते म्हणाले आणि हसले.

पुढच्या मार्चमध्ये ते आले नाहीत. म्हणाले, तिकडं आता पानगळ आहे, घुबडं दिसायचे हेच दिवस. मी रागावले नाही. मला बरंच वाटलं. फोन ठेवल्यावर मी घरातले सगळे दिवे लावले आणि काही न करता सोफ्यावर बसून राहिले.

परवा रविवारी मी कॅनॉलच्या काठाने चालत होते. दोघांनी हाउ आर यू विचारलं, दोघांना मी ग्रँड म्हटलं. नवऱ्याची ड्युटी होती. बाबांना व्हॉट्सअॅपवर फोन लावला तर वाजेना, म्हणून सरळ त्यांच्या नंबरवर लावला. ते जंगलात गेले असणार, तिकडे रेंज नसते. पलीकडून ती ओळखीची बाई बोलू लागली, रेकॉर्ड केलेली: आपण ज्यांच्याशी संपर्क साधू इच्छिता ते सध्या संपर्क क्षेत्राच्या बाहेर आहेत. कृपया थोड्या वेळाने प्रयत्न करा. दिवसभरात माझ्या कानावर पडलेलं ते पहिलंच मराठी होतं. मी फोन कानाला धरून ते शेवटपर्यंत ऐकलं.